कुत्र्या-मांजराची नसबंदी कमीत कमी चिरफाडीत कशी करून घ्यावी

कुत्रं किंवा मांजर पाळलेल्या ओळखीतल्या माणसाचा फोन आला की हल्ली एक प्रश्न ठरलेला असतो, “दुर्बिणीतून करून घेऊ का?” पित्ताशयाचं, अपेंडिक्सचं ऑपरेशन दुर्बिणीतून होऊन माणूस दोन दिवसांत घरी आलेला सगळ्यांनी पाहिलाय, त्यामुळे आपल्या जनावरालाही तेच मिळावं असं वाटणारच. माझं उत्तर दर वेळी थोडं लांबतं. जखम बाहेरून किती बोटांची, यावर जनावराला होणारा त्रास ठरत नाही. आत काय आणि किती ओढलं गेलं, भूल कशी दिली, दुखणं थांबवायची औषधं वेळेवर मिळाली का, यावर तो ठरतो. दुर्बीण यातल्या एका गोष्टीत खरंच मदत करते. बाकीच्या गोष्टी डॉक्टरांकडे आणि तुमच्याकडे असतात.

दुखतं ते नेमकं कुठे

कुत्रीच्या पोटात बीजांडकोश दोन, आणि तेही पार वर, दोन्ही मूत्रपिंडांच्या मागे चिकटून. शेवटच्या बरगडीकडून येणारा एक चिवट बंध त्यांना जागच्या जागी ताणून धरतो. नेहमीच्या ऑपरेशनमध्ये बेंबीच्या खाली मधोमध चीर घेतात, आणि बीजांडकोश जखमेबाहेर दिसावा म्हणून हा बंध बोटाने ताणून तोडतात. भुलेत असलेल्या कुत्रीचाही श्वास आणि नाडी नेमकी याच वेळी वाढते. चीर दोन इंचांची असो की पाच, हा बंध ओढला की दुखणारच.

दुसरी गोष्ट, गर्भाशय काढायचं की ठेवायचं. आपल्याकडे ‘पिशवी काढली’ असंच म्हणायची पद्धत आहे आणि बहुतेक ठिकाणी बीजांडकोश व गर्भाशय दोन्ही काढतात. नेदरलँड्समध्ये मात्र १९८०च्या दशकापासून निरोगी कुत्रीचे फक्त बीजांडकोश काढायची पद्धत रुळली आहे. पिशवीत पू होतो तो प्रोजेस्टेरॉन या संप्रेरकाच्या जोरावर. ते बनवणारे बीजांडकोशच गेले, तर मागे राहिलेलं गर्भाशय आक्रसून जातं आणि सहसा काही उपद्रव देत नाही. फक्त बीजांडकोश काढायचे असतील तर चीर लहान आणि पुढे घेता येते, गर्भाशयाच्या मुखाशी गाठ मारायचं कामही वाचतं. म्हणून डॉक्टरांना पहिला प्रश्न हाच विचारा: “फक्त ओव्हरी काढता का?” काहीजण म्हणतील, पूर्वीपासून दोन्ही काढतो, हात बसलाय. ते उत्तरही मला मान्य आहे, कारण बसलेला हात ही फार मोठी गोष्ट असते.

मादीसाठी तीन वाटा

पहिली वाट पोटाच्या मधोमध, पण लहान चिरेची. सरावलेला डॉक्टर मध्यम आकाराच्या कुत्रीत दोन-अडीच सेंटिमीटरमधून काम करतो. बोथट आकड्याने गर्भाशयाचं शिंग उचलायचं, त्याच्या मागोमाग बीजांडकोशापर्यंत जायचं. आतले टाके विरघळणारे आणि कातडीचेही आतूनच घातलेले असले, तर काढायचा प्रश्न उरत नाही.

दुसरी कुशीतून. शहरांतल्या भटक्या कुत्र्यांच्या नसबंदी केंद्रांवर ही पद्धत खूप चालते. कुत्रीला डाव्या अंगावर निजवून उजव्या कुशीत, बरगडी आणि ढुंगणाच्या हाडामध्ये, छोटी तिरकी चीर घेतात. उजवीच कूस, कारण उजवा बीजांडकोश डाव्यापेक्षा पुढे असतो आणि डावीकडून गाठायला अवघड. स्नायू न कापता तंतूंच्या दिशेने फाकवतात. पाजणाऱ्या कुत्रीत ही पद्धत सोयीची, दुधाच्या कासा मध्ये येत नाहीत. जखम बाजूला असल्यामुळे लांबूनही दिसते. टाके सुटलेच तरी पोटातलं सगळं बाहेर लोंबण्याची भीती कमी. एक तोटा मात्र पक्का: पलीकडच्या बाजूची रक्तवाहिनी गाठीतून निसटली तर या छोट्या खिडकीतून ती शोधणं कठीण जातं, दुसरी चीर घ्यावी लागते. गाभण, फार लठ्ठ किंवा पिशवीत पू झालेल्या कुत्रीसाठी कूस नकोच.

तिसरी दुर्बिणीची. इथे पोट कार्बन डायऑक्साइडने फुगवतात, म्हणजे आतडी बाजूला होऊन कॅमेऱ्याला जागा मिळते. पाच ते दहा मिलिमीटरची एक, दोन किंवा तीन छिद्रं घेतात. कुत्रीला एका अंगावर कलवलं की वरच्या बाजूचा बीजांडकोश पडद्यावर दिसतो. तो पकडायचा आणि उष्णतेने रक्तवाहिनी सील करत कापणाऱ्या उपकरणाने जागच्या जागीच सोडवायचा. मग दुसऱ्या अंगावर कलवून तेच. मघाशी सांगितलेला बंध इथे हिसडून तोडावा लागत नाही, कापला जातो. दुर्बिणीचा खरा फायदा हा.

२००९ साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात दहा किलोखालच्या वीस कुत्र्यांच्या हालचाली अंगावर बसवलेल्या यंत्राने मोजल्या होत्या. उघड्या ऑपरेशननंतर पहिल्या दोन दिवसांत हालचाल ६२ टक्क्यांनी घटली, दुर्बिणीनंतर २५ टक्क्यांनी. वीस कुत्री म्हणजे काही फार नाहीत, पण फरक डोळ्यांत भरणारा आहे.

आता याची दुसरी बाजू. फुगवलेलं पोट फुप्फुसांवर दाब देतं. त्यामुळे घशात नळी घालून दिलेली गॅसची भूल, श्वासाचं यंत्र आणि बाहेर पडणाऱ्या कार्बन डायऑक्साइडवर नजर ठेवणारा मॉनिटर हवाच. ही सोय नसताना ‘आम्ही दुर्बिणीतून करतो’ म्हणणाऱ्या ठिकाणापेक्षा, नीट भूल देऊन लहान चिरेतून करणारा डॉक्टर शंभर पटीने बरा. खर्च कितीतरी वाढतो. शिवाय आत रक्तस्राव झाला तर पोट उघडावंच लागतं, म्हणून दुर्बिणीच्या ऑपरेशनलाही सगळं पोट भादरतात. ते बघून मालक गोंधळतात: “छिद्रं एवढीशी आणि केस एवढे का काढले?” त्याचं कारण हे.

दुर्बिणीवर पैसे घालावेत असं मला दोन वेळा वाटतं. ग्रेट डेनसारखी खोल छातीची मोठी जात असेल, तर त्याच भुलेत जठर पोटाच्या भिंतीला टाचून घेता येतं. या जातींत पोट फुगून जठराला पीळ बसतो आणि जनावर काही तासांत जातं. टाचलेल्या जठराला तसा पीळ सहसा बसत नाही. दुसरी वेळ नरांची, ती पुढे येते.

मांजरीला, म्हणजे भाटीला, दुर्बिणीची गरज क्वचितच. तिच्या पोटातले बंध सैल असतात, दीड-दोन सेंटिमीटरच्या चिरेतून काम भागतं.

नर: सोपं, तरी घाईचं नव्हे

बोक्याची नसबंदी म्हणजे मिनिटांचं काम. अंडकोशावर दोन बारीक चिरा, आतली शीर तिच्याच गाठीने बांधायची, वर टाका नाही. कुत्र्यात अंडकोशाच्या जरा पुढे एक चीर घेऊन दोन्ही वृषणं तिथूनच काढतात. यात आणखी कमी चिरफाड करायला फारशी जागा उरलेली नाही, म्हणून नरासाठी ‘आधुनिक पद्धत’ म्हणून जास्त पैसे मागितले तर नेमकं काय वेगळं करणार ते विचारा.

अपवाद एकच. एक वृषण खाली उतरलंच नसेल तर ते पोटात असू शकतं. आत राहिलेल्या वृषणाला गाठ होण्याचा धोका जास्त, आणि उघड्या पोटात ते हुडकणं म्हणजे गवतात सुई. इथे कॅमेरा सोन्यासारखा उपयोगी पडतो.

आणि ऑपरेशन झालं म्हणून त्याच संध्याकाळी बोक्याला मोकळा सोडू नका. नलिकांमध्ये उरलेल्या शुक्रजंतूंवर काही आठवडे पिल्लं होऊ शकतात. महिना-दीड महिना धीर धरा.

विषय निघालाच आहे तर बैलांचं सांगतो. ‘खच्ची करणे’ हा शब्द आता राजकारणातल्या बातम्यांत जास्त वाचायला मिळतो, पण माझ्या आजोळी तो शब्दशः घडायचा. खोंडाला दोरांनी पाडायचं, चार माणसांनी दाबून धरायचं आणि शिरा दोन लाकडांमध्ये ठेचायच्या. त्या हंबरण्याने आम्ही पोरं घरात पळायचो. त्याची जागा घेतली ती चिमट्याने. बुर्दिझ्झो नावाच्या इटालियन पशुवैद्याने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बनवलेला हा लांब दांड्यांचा चिमटा कातडी न फाडता आतली शीर चेपतो. जखम नाही, म्हणून माश्या बसून किडे पडायचं भयही नाही. त्यातलं तंत्र एवढंच की दोन्ही बाजूंच्या शिरा वेगवेगळ्या चेपायच्या आणि चेपल्याच्या दोन रेघा एकमेकींना जुळू द्यायच्या नाहीत. जुळल्या तर सगळ्या अंडकोशाचा रक्तपुरवठा तुटतो. जागा बधिर करणारं इंजेक्शन आधी मागून घ्या, आणि खोंड लहान असतानाच करा. हे काम पशुवैद्यकीय दवाखान्यात करून मिळतं. गावातल्या हौशी हाताला चिमटा देऊ नका.

ऑपरेशनच नको असेल तर

इथे सावध वाचा, कारण औषधाच्या दुकानातलं अर्धवट ज्ञान इथेच घात करतं.

माज येऊ नये म्हणून मांजरीला किंवा कुत्रीला प्रोजेस्टेरॉनच्या जातीचं इंजेक्शन देऊन आणणारे लोक अजून भेटतात. स्वस्त आहे, दोन मिनिटांत होतं. पण मघाशी म्हटलं तसं पिशवीत पू होतो तो याच संप्रेरकामुळे. शिवाय स्तनांच्या गाठी, मांजरीत तर कासा एकाएकी सुजून लोंबणं. ऑपरेशन टाळायला दिलेलं इंजेक्शन शेवटी पिकलेल्या पिशवीच्या तातडीच्या ऑपरेशनपाशी आणून सोडतं. हे घेऊ नका.

डेस्लोरेलिन या प्रजननाची संप्रेरकं दाबणाऱ्या औषधाचं रोपण ही त्यामानाने शहाणी गोष्ट. तांदळाच्या दाण्याएवढी कांडी खांद्यांच्या मधल्या कातडीखाली सुईने सरकवतात. नर कुत्र्यात ४.७ मिलिग्रॅमची कांडी साधारण सहा महिने आणि ९.४ची वर्षभर काम करते, नंतर सगळं पूर्ववत. सुरुवातीला टेस्टोस्टेरॉन हे नराचं संप्रेरक उलट वाढतं, म्हणून पहिले दीड-दोन महिने तो नर वंध्य झाला असं धरू नका. वयात आलेल्या कुत्रीत तर कांडी घातल्यावर माजच येऊ शकतो. युरोप-ऑस्ट्रेलियात ही कांडी रुळलेली आहे. आपल्या गावच्या दवाखान्यात असेलच असं समजू नका, फोन करून विचारा. हृदयाचा रुग्ण असलेल्या, भूल झेपणार नाही अशा कुत्र्यासाठी मी हाच मार्ग आधी विचारेन.

वृषणात इंजेक्शन देऊन कायमची नसबंदी करायचेही प्रयोग झाले. अमेरिकेत झिंक ग्लुकोनेटच्या इंजेक्शनला २००३ साली नर पिल्लांसाठी परवानगी मिळाली, पण बाजारात ते टिकलं नाही. पश्चिम बंगालमधल्या संशोधकांनी कॅल्शियम क्लोराइड कुत्र्यांवर आणि बोक्यांवर वापरून पाहिलं, त्याची चर्चा जगभर झाली. द्रावण स्वस्त, म्हणून मोह होतो. मात्रा किंवा सुईची जागा चुकली तर अंडकोश सडू शकतो. कुणी संस्था ‘बिनटाक्याची नसबंदी’ म्हणून हे करत असेल, तर पशुवैद्य कोण आणि नंतर जखमा कोण बघणार, हे दोन प्रश्न विचारल्याशिवाय जनावर सोपवू नका.

सगळ्यात नवलाचं काम २०२३ साली प्रसिद्ध झालं. अमेरिकेतल्या सिनसिनाटी प्राणिसंग्रहालयात सहा मांजरींना जनुक पोचवणारं एकच इंजेक्शन दिलं, तिघींना दिलं नाही. बोक्याबरोबर ठेवल्यावर तिघींना पिल्लं झाली, सहांपैकी एकीलाही नाही. दोन वर्षं त्यांच्यावर लक्ष होतं. दवाखान्यात यायला मात्र त्याला वेळ आहे. एका मात्रेत कायमची नसबंदी करणाऱ्या औषधासाठी अमेरिकेतल्या मायकेलसन प्रतिष्ठानने २००८ साली अडीच कोटी डॉलरचं बक्षीस जाहीर केलं होतं, यावरून काम किती अवघड ते समजा.

वेळ कधीची

मांजरीला चार ते पाच महिन्यांत आटपा. चार महिन्यांची पोर दिसणारी भाटी गाभण राहू शकते आणि मग ‘अजून लहान आहे’ म्हणणारे मालक कपाळाला हात लावतात. गावठी आणि लहान जातीच्या कुत्रीला सहा महिन्यांच्या आसपास. लॅब्राडोर, गोल्डन रिट्रीव्हर, जर्मन शेफर्ड यांच्याबाबत थांबा. डेव्हिस इथल्या कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संशोधकांना २०१३पासूनच्या अभ्यासांत वर्षाच्या आत नसबंदी झालेल्या अशा जातींत सांध्यांची दुखणी जास्त आढळली. माज येऊन गेला असेल तर दोन-तीन महिने जाऊ द्या. माजात रक्तवाहिन्या फुगलेल्या असतात, रक्त जास्त जातं.

रक्त तपासल्याशिवाय टेबलावर नाही

आमच्या चिंगीची गोष्ट सांगतो. रस्त्यावरून उचललेली कुत्री, काळी-पांढरी, खायला वखवखलेली. पहिल्या दवाखान्यात वजन केलं, हिरड्या बघितल्या आणि “तरुण आहे, रक्तबिक्त काही नको, गुरुवारी उपाशी घेऊन या” म्हणाले. बायकोला ते पटेना. दुसरीकडे तपासलं तर प्लेटलेट ६२ हजार. दोन लाखांच्या वर हव्यात. गोचीड ताप. वरून एक लक्षण नव्हतं, ताटली चाटून साफ करत होती. चार आठवडे डॉक्सीसायक्लिन हे प्रतिजैविक, मग पुन्हा तपासणी, मग ऑपरेशन. गुरुवारी नेलं असतं तर रक्त थांबलं असतं की नाही, देव जाणे. आपल्याकडे गोचिड्या बारा महिने, त्यामुळे प्लेटलेटसह रक्तगणना आणि यकृत-मूत्रपिंडाची तपासणी यांत काटकसर करू नका.

त्याच भेटीत डॉक्टरांना एवढं विचारून घ्या. शिरेत सुई लावून ठेवणार का? घशात नळी घालणार का? भुलेत असताना श्वास, नाडी, तापमान कोण बघणार? दुखण्याचं औषध चीर घेण्याआधी देणार का आणि घरी किती दिवसांचं देणार? संध्याकाळी काही झालं तर फोन कुणाला? नीट डॉक्टर या प्रश्नांवर चिडत नाही. जो चिडतो त्याच्याकडून उठून या.

आदली रात्र ते दहावा दिवस

मोठ्या कुत्र्याला सहा ते आठ तास आधी खाणं बंद. पाणी सकाळपर्यंत चालतं. लहान पिल्लांना एवढं उपाशी ठेवू नका, साखर उतरते. त्यांना तीन-चार तास पुरे. घरातल्या आजीला आदल्या रात्री स्वतंत्र सांगा. “बिचारं उपाशी” म्हणून पहाटे दुधात कुस्करलेली पोळी तीच घालते. भरल्या पोटी भूल म्हणजे उलटी फुप्फुसात.

घरी आणल्यावर जमिनीवर गोधडी, सोफ्यावर नाही. अर्धवट शुद्धीत उडी मारतात. चिंगी पहिल्या रात्री कुडकुडत होती, मे महिना असूनही. भुलेने अंग गार पडतं. पंखा बंद केला, अंगावर शाल टाकली, दर तासाला वरचा ओठ उचलून हिरड्या बघितल्या. गुलाबी हव्यात. पांढऱ्याफटक पडल्या, पोट फुगत चाललं, किंवा दुसऱ्या दिवशीही मान उचलेना, तर रात्र आहे म्हणून थांबू नका. थोडी सूज आणि पहिल्या दिवशी लालसर ओल हे चालतं. टपटप रक्त, वास किंवा पू चालत नाही.

जखमेला हळद नाही, राख नाही, खोबरेल नाही. चाटू द्यायचं नाही. “त्याच्या लाळेत औषध असतं” हे ऐकून घ्या आणि कॉलर घालाच. मांजराला प्लॅस्टिकची कॉलर सोसत नसेल तर जुन्या टी-शर्टच्या बाहीला चार भोकं पाडून झबलं शिवा, छान बसतं.

आपल्या घरातली गोळी कधीच नाही. पॅरासिटामॉलची एक गोळी मांजराचा जीव घेते; आयबुप्रोफेन आणि डायक्लोफेनॅक कुत्र्याच्या जठराला आणि मूत्रपिंडाला भोवतात. डॉक्टरांनी दिलेलं मेलोक्सिकॅम हे दुखण्याचं औषध सांगितलेल्या मात्रेतच, पोटात काही गेल्यावर.

दहा ते चौदा दिवस अंघोळ नाही, जिना नाही, दुसऱ्या कुत्र्याबरोबर दंगा नाही. हेच सगळ्यात अवघड, खास करून दुर्बिणीतून झालेल्यांचं. तिसऱ्या दिवशी ती इतकी टुणटुणीत असतात की मालक पट्टा सोडतात आणि आतला टाका ताणला जातो.

गल्लीतली कुत्री असेल तर हे सगळं घरी करू नका. २०२३च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांनुसार भटक्या कुत्र्यांच्या नसबंदीची आणि लसीकरणाची जबाबदारी स्थानिक स्वराज्य संस्थेची आहे. नगरपालिकेच्या केंद्राला कळवा, कुत्री उचलताना कोणत्या कोपऱ्यावरची ते लिहून द्या आणि तिथेच परत सोडली का ते पाहा. कान थोडा कापलेला दिसला तर तिचं आधीच झालेलं आहे, पुन्हा पकडून देऊ नका.

टाके निघाल्यावर खाणं कमी करा. नसबंदीनंतर शरीराची गरज घटते आणि भूक मात्र वाढते, म्हणून एक चतुर्थांश तरी कमी. चिंगीची संध्याकाळची एक पोळी आम्ही काटली. महिन्याने वजन केलं तर दीड किलो वाढलेलं. शेजारच्या काकूंकडे चौकशी केल्यावर कळलं, ती पोळी रोज सहा वाजता त्यांच्या दारात खाल्ली जात होती, तुपासकट.